प्लगिन टाकलं, पण यादीत दिसत नाही: नेमकं कुठे अडलंय ते शोधायचा क्रम

रात्री साडेदहाला मित्राचा फोन येतो. "अरे, तीनदा काढून परत टाकलं, तरी दिसत नाही." मी विचारतो, "टाकताना फॉरमॅटच्या कुठल्या चौकटीवर टिक केलीस?" पलीकडे शांतता. गणपतीच्या आधीचे दोन आठवडे हे फोन जास्त येतात, कारण घरोघरी आरत्यांचे ट्रॅक चाललेले असतात आणि नवं हार्मोनियम किंवा नवा रिव्हर्ब (गाण्याच्या सॉफ्टवेअरला बाहेरून जोडलेलं असं वाद्य किंवा इफेक्ट म्हणजे प्लगिन) ऐन वेळी गायब असतो.

"इन्स्टॉलेशन यशस्वी" या संदेशाचा अर्थ एवढाच की फाइली डिस्कवर कुठेतरी उतरल्या. तिथून पुढे चार अटी पुऱ्या व्हाव्या लागतात: फॉरमॅट जुळायला हवा, जात (32 की 64-बिट, इंटेल की ॲपल) जुळायला हवी, फोल्डर बरोबर हवं आणि स्कॅनमध्ये, म्हणजे सॉफ्टवेअर प्लगिन तपासतं तेव्हा, ते पास व्हायला हवं. बहुतेक वेळा यातल्या एकाच ठिकाणी गाडी अडते. ते ठिकाण न शोधता पुन्हा इन्स्टॉल केलं की तीच चूक त्याच जागी होते. पुन्हा पाढे पंचावन्न.

एक खुलासा. गाणं बनवायच्या सॉफ्टवेअरला (एबलटन लाइव्ह, लॉजिक, क्यूबेस, रीपर, एफएल स्टुडिओ, प्रो टूल्स वगैरे) बोलताना सगळे "डॉ" म्हणतात, पण मराठीत लिहिलं की वाचणाऱ्याला डॉक्टर आठवतो. म्हणून खाली डीएडब्ल्यू असंच लिहिलंय. मेनूंची आणि फोल्डरांची नावं स्क्रीनवर रोमन अक्षरांत दिसतील, उच्चार जुळवून घ्या.

## पूर्वतयारी: दहा मिनिटं, कागद-पेन घेऊन

कशालाही हात लावण्याआधी चार गोष्टी कागदावर लिहा.

1. डीएडब्ल्यूचं नाव आणि नेमकी आवृत्ती. "एबलटन" एवढं पुरत नाही. लाइव्ह 9 आणि लाइव्ह 12 यांच्यात बरंच काही बदललं आहे.
2. विंडोज की मॅक, आणि मॅक असेल तर चिप इंटेलची की ॲपलची. ॲपल मेनूतल्या "अबाउट धिस मॅक"मध्ये ते लिहिलेलं असतं.
3. हे प्लगिन कोणकोणत्या फॉरमॅटमध्ये (व्हीएसटी, एयू, एएएक्स, क्लॅप अशा जोडणीच्या प्रकारांत) मिळतं. बनवणाऱ्याच्या पानावर "सिस्टम रिक्वायरमेंट्स" म्हणून असतं ते एकदा वाचा.
4. फक्त हेच प्लगिन दिसत नाही, की बाहेरून टाकलेलं एकही दिसत नाही?

चौथ्या प्रश्नाचं उत्तर नसेल तर सर्ज एक्सटी हा फुकट, मुक्त-स्रोत सिंथेसायझर टाकून बघा. विंडोजवर तो व्हीएसटी3 आणि क्लॅप म्हणून येतो, मॅकवर या दोन्हींसोबत एयू म्हणूनही. त्याच्याबरोबर सर्ज एक्सटी इफेक्ट्स नावाचं दुसरं प्लगिनही उतरतं, ते पुढे कामाला येईल. तो दिसला तर तुमची डीएडब्ल्यू ठीक आहे आणि खोट त्या एका प्लगिनच्या बाजूला आहे. तोही दिसला नाही तर खोट फोल्डर किंवा स्कॅनच्या सेटिंगमध्ये आहे, थेट टप्पा 4 वर जा. प्रो टूल्सवाल्यांना ही चाचणी उपयोगाची नाही, कारण सर्ज एक्सटी एएएक्समध्ये येत नाही.

सावधान: हे सगळं रिकाम्या प्रोजेक्टवर करा. गिऱ्हाइकाचं गाणं उघडं ठेवून प्लगिन शोधत बसू नका. प्लगिन सापडत नसताना प्रोजेक्ट उघडून सेव्ह केलं, तर काही सॉफ्टवेअरांत त्या प्लगिनची सेटिंग हातची जाऊ शकते.

## टप्पा 1: "दिसत नाही" म्हणजे नेमकं काय?

मला येणाऱ्या तक्रारींतल्या बऱ्याच इथेच मिटतात. प्लगिन आलेलं असतं, आपण भलत्या खणात शोधत असतो. काखेत कळसा, गावाला वळसा.

वाद्य की इफेक्ट? सिंथ, पियानो, तबला ही वाद्यं. रिव्हर्ब, कॉम्प्रेसर, ईक्यू हे इफेक्ट. व्होकलच्या ऑडिओ ट्रॅकवर इन्सर्टची यादी उघडून त्यात हार्मोनियम शोधलं तर ते सापडणार नाही. लॉजिकमध्ये वाद्य फक्त सॉफ्टवेअर इन्स्ट्रुमेंट ट्रॅकच्या वाद्याच्या खणात दिसतं. क्यूबेसमध्ये त्यासाठी इन्स्ट्रुमेंट ट्रॅक घ्यावा लागतो किंवा एफ11 दाबून रॅक उघडावा लागतो. रीपरमध्ये दोन्ही एकाच यादीत असतात, फक्त वाद्याच्या नावाआधी व्हीएसटीआय किंवा व्हीएसटी3आय असं "आय" लागलेलं दिसतं. सर्ज एक्सटी आणि सर्ज एक्सटी इफेक्ट्स हे दोन्ही कुठल्या यादीत येतात ते बघा, फरक लगेच कळेल.

प्लगिन की लायब्ररी? सतारीची किंवा ढोलकीची "कॉन्टॅक्ट लायब्ररी" घेतली असेल तर ते प्लगिन नव्हेच. ते आवाजांचं गाठोडं असतं. डीएडब्ल्यूच्या यादीत कॉन्टॅक्ट दिसतं आणि ढोलकी त्याच्या आत उघडायची असते. साउंडफॉन्टचंही तसंच. ढोलकीचं नाव यादीत शोधत दोन दिवस घालवलेला माणूस मला माहीत आहे. तो मीच, पहिल्या वर्षीचा.

मोनो की स्टिरिओ? प्रो टूल्स आणि लॉजिक ट्रॅकच्या चॅनलप्रमाणे यादी बदलतात. फक्त स्टिरिओत चालणारं प्लगिन मोनो ट्रॅकवर दिसेलच असं नाही. एक स्टिरिओ ट्रॅक घेऊन बघा.

आवडत्यांची यादी? हे एफएल स्टुडिओवाल्यांसाठी. चॅनल रॅकवरच्या अधिक चिन्हावर किंवा मिक्सरच्या स्लॉटवर जी छोटी यादी उघडते, ती सगळ्या प्लगिन्सची नसते, तारा (स्टारची खूण) लावलेल्यांची असते. नवं प्लगिन स्कॅन होऊन बसलेलं असतं, पण तारा नसल्यामुळे त्या यादीत येत नाही. ब्राउझरमध्ये "प्लगिन डेटाबेस", त्यात "इन्स्टॉल्ड" उघडा. तिथे असेल तर प्लगिन मॅनेजरमध्ये त्याच्यापुढे तारा लावा, काम झालं.

दुसऱ्याच नावाखाली? यादी कंपनीनुसार लावलेली असते आणि कंपनीचं नाव तुमच्या अपेक्षेपेक्षा वेगळं निघतं. म्हणून डोळ्यांनी शोधू नका. शोधपेटीत प्लगिनच्या नावाची पहिली तीन अक्षरं टाका.

तपासणी: योग्य जातीच्या ट्रॅकवर, शोधपेटीत नाव टाकून, तरीही नाही? मगच पुढे.

## टप्पा 2: फॉरमॅट जुळतो का?

प्लगिनचे फॉरमॅट म्हणजे प्लगच्या पिना. प्लग भारी असला तरी पिना वेगळ्या असतील तर सॉकेटात जात नाही.

- लॉजिक आणि गॅरेजबँड: फक्त एयू. व्हीएसटी कितीही टाका, दिसणार नाही.
- प्रो टूल्स: फक्त एएएक्स.
- क्यूबेस: व्हीएसटी घराण्यातलेच. एयू नाही, एएएक्स नाही.
- एबलटन लाइव्ह: व्हीएसटी2 आणि व्हीएसटी3, मॅकवर एयूसुद्धा. मात्र व्हीएसटी3 आलं ते 10.1 या आवृत्तीपासून. त्याआधीच्या लाइव्हमध्ये व्हीएसटी3 शोधू नका.
- एफएल स्टुडिओ: व्हीएसटी2, व्हीएसटी3, मॅकवर एयू, आणि 2024च्या आवृत्तीपासून क्लॅप.
- रीपर: जवळपास सगळं, एएएक्स सोडून.

लोक इन्स्टॉलर उघडून "नेक्स्ट, नेक्स्ट, फिनिश" करतात. मधल्या एका पानावर फॉरमॅटच्या चौकटी असतात, तिथे आपल्याला हवा तोच टिक केलेला नसतो. किंवा डिस्कवर जागा वाचवायला कुणीतरी "नको ते" काढून टाकतो आणि नेमकं हवं तेच काढलेलं निघतं. इन्स्टॉलर पुन्हा चालवायची ही एकच रास्त वेळ आहे: या पानापर्यंत जा, थांबा, वाचा, आपला फॉरमॅट टिक करा.

व्हीएसटी2बद्दल थोडं. व्हीएसटी3 2008 सालचं आहे. क्यूबेस आणि व्हीएसटी बनवणाऱ्या स्टाइनबर्गने व्हीएसटी2 बनवायचं साहित्य देणं 2018मध्ये बंद केलं. त्यामुळे नव्या प्लगिन्समध्ये व्हीएसटी2 नसतंच बरेचदा, आणि ॲपल चिपवर क्यूबेस नेटिव्ह (म्हणजे थेट त्या चिपसाठीचं) चालवलं तर जुनी व्हीएसटी2 त्यात उघडत नाहीत. मॅक बदलल्यावर "माझी निम्मी प्लगिन्स उडाली" अशी तक्रार असेल तर पहिला संशय इथे घ्या. त्या प्लगिनची व्हीएसटी3 आवृत्ती असेल तर ती टाका. नसेल तर ते क्यूबेस रोझेटातून (इंटेलची सॉफ्टवेअरं ॲपल चिपवर चालवणारी मॅकची सोय) चालवावं लागेल.

## टप्पा 3: 32 की 64, इंटेल की ॲपल

विंडोजवर 32-बिटचं प्लगिन 64-बिटच्या डीएडब्ल्यूत सरळ चालत नाही. क्यूबेसने 9व्या आवृत्तीत 32-बिटला रामराम केला, लाइव्हने 10व्या आवृत्तीत. रीपर आणि एफएल स्टुडिओ विंडोजवर मधे पूल टाकून अशी जुनी प्लगिन्स चालवून घेतात. त्यामुळे "मित्राकडे चालतं, माझ्याकडे नाही" हा वाद व्यर्थ असतो, मित्राकडे रीपर असतं.

ओळखायचं कसं? "प्रोग्राम फाइल्स" नावाची दोन फोल्डरं असतात. ज्याला एक्स86 असं शेपूट आहे, ते 32-बिटचं. प्लगिन तिथे उतरलं असेल तर बहुधा ते 32-बिटचं आहे. बहुधा म्हणतोय, कारण घाईत चुकीचं फोल्डर निवडणारेही असतात.

मॅकवर 2019च्या कॅटालिनापासून 32-बिट पूर्ण बंद आहे, तिथे पूलबिल काही नाही. मॅकवरचा आजचा प्रश्न वेगळा: ॲपल चिपचे मॅक 2020च्या अखेरीस आले आणि त्याआधीची प्लगिन्स इंटेलसाठी लिहिलेली होती. डीएडब्ल्यू ॲपल चिपवर नेटिव्ह चालत असेल तर इंटेलची व्हीएसटी तिला सहसा दिसत नाहीत.

चाचणी सोपी आहे. डीएडब्ल्यू बंद करा. ॲप्लिकेशन्समध्ये तिच्यावर क्लिक करून "गेट इन्फो" उघडा, "ओपन युझिंग रोझेटा"वर टिक करा, पुन्हा सुरू करा. प्लगिन प्रकट झालं? मग रोग सापडला. पण ही टिक कायमची ठेवू नका. डीएडब्ल्यू तशी हळू चालते, आणि आता फक्त ॲपल चिपसाठी बनलेलं एखादं प्लगिन तिथून गायब होईल. प्लगिनची नवी आवृत्ती शोधा.

तपासणी: फॉरमॅट जुळतो, बिट आणि चिप जुळते. हे दोन्ही कागदावर बरोबरच्या खुणेनं नोंदवा, म्हणजे रात्री एक वाजता पुन्हा तिथे भटकणार नाही.

## टप्पा 4: फाइल बरोबर फोल्डरात आहे का?

या टप्प्याला घाई करू नका. सगळ्यात जास्त चुका इथेच होतात.

विंडोजवर आधी फाइल एक्स्प्लोररच्या "व्ह्यू"मधून फाइलींची शेपटं दिसतील असं करा. नाहीतर डीएलएल कुठली आणि व्हीएसटी3 कुठली ते कळत नाही. मग बघा:

- व्हीएसटी3: सी ड्राइव्ह, प्रोग्राम फाइल्स, कॉमन फाइल्स, व्हीएसटी3. ही जागा ठरलेली आहे. स्वतःचं डोकं चालवून बदलू नका.
- क्लॅप: त्याच कॉमन फाइल्समध्ये क्लॅप नावाचं फोल्डर.
- एएएक्स: कॉमन फाइल्स, एव्हिड, ऑडिओ, प्लग-इन्स.
- व्हीएसटी2: याला ठरलेलं घर नाही. कुणी "व्हीएसटीप्लगिन्स"मध्ये ठेवतो, कुणी स्टाइनबर्गच्या फोल्डरात. ही फाइल डीएलएल असते. ज्या फोल्डरात ती आहे, ते फोल्डर तुम्हीच डीएडब्ल्यूला दाखवायचं असतं.

मॅकवर मुख्य डिस्कच्या लायब्ररी फोल्डरात ऑडिओ, त्यात प्लग-इन्स. तिथे एयूसाठी कॉम्पोनंट्स, आणि व्हीएसटी, व्हीएसटी3, क्लॅप अशी वेगवेगळी फोल्डरं असतात. घोटाळा हा की मॅकवर लायब्ररी दोन असतात: एक सगळ्या मशीनची, दुसरी तुमच्या युझरची. दुसरी लपवलेली असते. फाइंडरमध्ये "गो" मेनू उघडून ऑप्शनचं बटण दाबून धरलं की ती दिसते. प्लगिन दोन्हीपैकी कुठेही असू शकतं. जुनी आवृत्ती एकीकडे, नवी दुसरीकडे असं झालं की डीएडब्ल्यू गोंधळते. एकच ठेवा.

आता एक प्रसंग. ओळखीतल्या एका मुलानं व्हीएसटी3 झिपमधून सोडवून योग्य फोल्डरात टाकलं होतं. फॉरमॅट बरोबर, जागा बरोबर, तरी प्लगिन नाही. स्क्रीन शेअर करून बघितलं तर व्हीएसटी3च्या फोल्डरात एकुलती एक फाइल. मी विचारलं, ही आली कुठून? म्हणाला, "ते एक फोल्डरच होतं, नावाच्या शेवटी व्हीएसटी3 असलेलं. आत खोल जाऊन खरी फाइल शोधून काढली." इथेच घात झाला. विंडोजवर व्हीएसटी3 कधी एकच फाइल असते, तर कधी अख्खं फोल्डर असतं, आणि ते फोल्डर म्हणजेच प्लगिन. आतली चित्रं, प्रीसेट, सगळं मिळून एक नग. ते फोल्डर न फोडता जसंच्या तसं उचलून ठेवायचं. ठेवलं, स्कॅन केलं, अर्ध्या मिनिटात दिसलं.

या टप्प्यावरच्या आणखी चुका:

- झिप न सोडवता आतल्या फाइलीवर डबल क्लिक करणं. फाइल तात्पुरत्या जागी उघडते आणि नाहीशी होते.
- प्लगिन डेस्कटॉपवर किंवा डाउनलोड्समध्ये ठेवणं. ती फोल्डरं वनड्राइव्हमध्ये जात असतील तर फाइल कधी डिस्कवर असते, कधी फक्त ढगात.
- इन्स्टॉलरनं टाकलेली डीएलएल "नीटनेटकेपणा"साठी दुसरीकडे हलवणं. बऱ्याच प्लगिन्सना शेजारचं फोल्डर लागतं, एकट्या डीएलएलला काही कळत नाही.
- व्हेव्हजसारख्या संचात प्रत्येक प्लगिनची वेगळी फाइल शोधणं. तिथे वेव्हशेल नावाची एक फाइल असते आणि सगळी प्लगिन्स तिच्यातून दिसतात. कचरा समजून ती उडवली की एकदम सगळी गायब.
- व्हीएसटी2चं फोल्डर बाहेरच्या हार्डडिस्कवर ठेवणं. मी हे केलं होतं. पेनड्राइव्ह आधी लावला, डिस्क नंतर, तर ई ड्राइव्हची एफ झाली. डीएडब्ल्यू ई वर शोधत बसली आणि मी तिला शिव्या देत बसलो.

सावधान: रागाच्या भरात अख्खा सी ड्राइव्ह स्कॅनला देऊ नका. विंडोजमध्ये डीएलएल हजारोंनी असतात आणि त्यातल्या फार थोड्या प्लगिन असतात. स्कॅन रात्रभर चालेल आणि मधेच बंद पडेल.

## टप्पा 5: स्कॅन, तेही खरं स्कॅन

डीएडब्ल्यू दर वेळी सगळी प्लगिन्स नव्यानं तपासत नाही. एकदा तपासलेल्याची नोंद ठेवते आणि पुढे त्या नोंदीवर विसंबते. म्हणून साधं स्कॅन पुष्कळदा काहीच करत नाही. आधी एकदा नापास झालेलं प्लगिन ती पुन्हा हातातही घेत नाही. नोंद पुसून केलेलं स्कॅन हवं.

- रीपर: ऑप्शन्स, प्रेफरन्सेस, प्लग-इन्स, व्हीएसटी. तिथल्या रीस्कॅनच्या बटणात दोन पर्याय असतात. कॅशे (म्हणजे ती नोंद) पुसून सगळं तपासणारा निवडा. वरच्या पाथच्या ओळीत तुमचं फोल्डर आहे ना, तेही बघा.
- लाइव्ह: सेटिंग्ज, प्लग-इन्स. व्हीएसटी3ची सिस्टम फोल्डरं वापरण्याचं बटण चालू हवं. व्हीएसटी2साठी कस्टम फोल्डर दाखवा. मग ऑल्ट, मॅकवर ऑप्शन, दाबून धरून रीस्कॅनवर क्लिक करा. नुसता क्लिक आणि ऑल्टसह क्लिक यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे.
- एफएल स्टुडिओ: ऑप्शन्स, मॅनेज प्लगिन्स. व्हेरिफाय प्लगिन्स चालू करा. सोबत "आधी तपासलेली पुन्हा" आणि "एरर आलेली पुन्हा" या अर्थाचे दोन्ही पर्याय चालू करून शोध घ्या.
- क्यूबेस: स्टुडिओ मेनूतला व्हीएसटी प्लग-इन मॅनेजर. रीस्कॅन तिथेच, व्हीएसटी2चे पाथही तिथेच.
- लॉजिक: सेटिंग्जमधला प्लग-इन मॅनेजर. तो दिसत नसेल तर आधी ॲडव्हान्स्ड सेटिंगमध्ये कम्प्लीट फीचर्स चालू करा. प्लगिनची ओळ निवडून "रीसेट अँड रीस्कॅन सिलेक्शन". डावीकडची वापराची टिक काढलेली नाही ना, ते बघा.
- गॅरेजबँड: सेटिंग्जमधल्या ऑडिओ-मिडी पानावर ऑडिओ युनिट्स (म्हणजेच एयू) चालू आहेत का, एवढंच.

मॅकवर नवं एयू टाकल्यावर एकदा मशीन रीस्टार्ट करून बघा. उपाय बाळबोध वाटतो, पण एयूची नोंद मॅकची सिस्टम स्वतः ठेवते आणि कधी कधी ती रीस्टार्टनंतरच जागी होते.

तपासणी: स्कॅनच्या वेळी पट्टीवर प्लगिन्सची नावं सरकताना दिसतात. आपलं नाव त्यात गेलं का, ते बघा. नाव गेलंच नाही तर टप्पा 4 मध्ये काहीतरी राहिलंय. नाव आलं, गाडी तिथे घुटमळली आणि तरी यादीत नाही, तर पुढचा टप्पा तुमचा.

## टप्पा 6: स्कॅनमध्ये नापास का झालं?

आधी नापासांची यादी उघडा. क्यूबेसच्या प्लग-इन मॅनेजरमध्ये ब्लॉकलिस्टचं वेगळं पान आहे, तिथून प्लगिन पुन्हा चालू करता येतं. स्टुडिओ वनमध्ये ब्लॉकलिस्ट रीसेट करायचं बटण आहे. लॉजिकच्या मॅनेजरमध्ये प्रत्येक प्लगिनपुढे तपासणीचा निकाल लिहिलेला असतो: पास, नापास, की तपासताना कोसळलं. तुमचं प्लगिन तिथे असेल तर आनंद माना, कारण आता फक्त कारण शोधायचं उरलं. कारण न शोधता जबरदस्तीनं चालू केलं तर डीएडब्ल्यू ऐन रेकॉर्डिंगमध्ये कोसळेल.

परवान्याची खिडकी. मला सर्वांत जास्त भेटलेलं कारण. स्कॅनच्या वेळी प्लगिन "परवाना द्या" अशी खिडकी उघडतं. ती डीएडब्ल्यूच्या मोठ्या चित्रामागे लपते. तुम्हाला वाटतं स्कॅन अडकलं, तुम्ही जबरदस्तीनं बंद करता, आणि प्लगिन नापासांच्या यादीत जाऊन बसतं. उपाय: स्कॅनआधी प्लगिनचं स्वतःचं ॲप किंवा परवाना मॅनेजर उघडून परवाना चालू करा. आयलॉक (परवाने सांभाळणारी व्यवस्था) लागत असेल तर आयलॉक लायसन्स मॅनेजरमध्ये तो या मशीनवर चालू दिसायला हवा. स्कॅन अडकलं तर मारून टाकण्याआधी ऑल्ट-टॅब करून मागे काही उभं आहे का बघा.

मॅकची सुरक्षा. अनोळखी बनवणाऱ्याचं प्लगिन मॅक अडवून ठेवतो. सिस्टम सेटिंग्जमधल्या प्रायव्हसी अँड सिक्युरिटीत खाली "ओपन एनीवे" असं बटण येतं. स्कॅनमध्ये अडवल्यानंतरच ते दिसतं, आधी शोधून उपयोग नाही. फक्त ज्याच्यावर विश्वास आहे त्यालाच परवानगी द्या.

विंडोजचे सुटे भाग. काही प्लगिन्सना मायक्रोसॉफ्टचं व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल लागतं. नव्यानं फॉरमॅट केलेल्या मशीनवर ते नसतं. प्लगिन काही न बोलता नापास होतं. मायक्रोसॉफ्टकडून 64-बिटचं घेऊन टाका.

अँटिव्हायरस. फाइल काल होती, आज नाही? क्वारंटाइन उघडून बघा. आणि स्पष्टच बोलतो: प्लगिन "क्रॅक" केलेलं असेल तर हा लेख तुमच्यासाठी नाही. त्यात कुणी काय घातलंय ते मला सांगता येणार नाही, तुम्हालाही नाही. सर्ज एक्सटीसारखी चांगली फुकट प्लगिन्स असताना त्या फंदात कशाला पडायचं?

## टप्पा 7: तरीही नाही? एकटं पाडा

व्हीएसटी3च्या फोल्डरातली बाकीची सगळी प्लगिन्स तात्पुरती दुसऱ्या एका फोल्डरात हलवा. डिलीट नाही, फक्त हलवा. अडलेलं एकटं ठेवा आणि नोंद पुसून स्कॅन करा.

दिसलं, तर हे प्लगिन निर्दोष आहे आणि दुसरंच कुणीतरी स्कॅन मधेच पाडत होतं. बाकीची निम्मी परत आणा, स्कॅन करा. कोसळलं तर दोषी त्या निम्म्यात. पुन्हा निम्मी करा. साठ प्लगिन्स असली तरी सहा फेऱ्यांत चोर सापडतो. एकेक करून बघणारे रात्र घालवतात.

एकटं असूनही दिसलं नाही, तर तेच प्लगिन दुसऱ्या सॉफ्टवेअरात बघा. रीपरची चाचणी आवृत्ती साठ दिवसांची आहे आणि छोटी आहे, यासाठी उत्तम. रीपरमध्ये दिसलं आणि तुमच्या डीएडब्ल्यूत नाही, तर मामला त्या दोघांमधला. दोन्हीकडे नाही, तर फाइलच खराब उतरली असेल. आता इन्स्टॉलर नव्यानं डाउनलोड करून टाका, पूर्वीचाच पुन्हा चालवू नका.

सावधान: एका वेळी एकच बदल. फोल्डर हलवलं, रोझेटा चालू केलं आणि नवी आवृत्तीही टाकली, आणि मग दिसलं, तर कशामुळे दिसलं ते कळणार नाही. पुढच्या महिन्यात पुन्हा तेच.

## टप्पा 8: बनवणाऱ्याला लिहिताना

"प्लगिन दिसत नाही, मदत करा" या पत्राला "पुन्हा इन्स्टॉल करून बघा" असंच उत्तर येतं. सुरुवातीचा कागद काढा आणि त्यावरून लिहा: डीएडब्ल्यू आणि आवृत्ती, सिस्टम आणि चिप, प्लगिनची आवृत्ती, फॉरमॅट, फाइल कुठल्या फोल्डरात आहे, स्कॅनमध्ये नाव येतं की नाही, नापासांच्या यादीत आहे की नाही, एकटं ठेवून काय झालं, रीपरमध्ये काय झालं. फोल्डराचा आणि नापास यादीचा स्क्रीनशॉट जोडा, मोबाइलनं काढलेला तिरका फोटो नको. परवाना क्रमांक मात्र स्क्रीनशॉटमध्ये दिसत असेल तर आधी झाका.